मृगाला उजाडणारं साल

काल्पनिक जगाची कादंबरी लिहिणाऱ्याला नुसता नकाशा काढून भागत नाही, पंचांगही रचावं लागतं. जे. आर. आर. टोल्किनने ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडाला १९५५ साली जी परिशिष्टं जोडली, त्यातलं एक निव्वळ कालगणनेचं आहे. त्याच्या बुटक्या हॉबिट लोकांचे महिने बारा, प्रत्येक बरोबर तीस दिवसांचा. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्यात धरायचे नाहीत. दोन हिवाळ्यातल्या सणाचे, तीन ऐन उन्हाळ्यातले. त्यातही वर्षाच्या मधोमध येणाऱ्या दिवसाला वारच नाही, त्यामुळे दरवर्षी त्याच तारखेला तोच वार. हे परिशिष्ट मी कादंबरीच्या आधी वाचलं, आणि कादंबरी अजून पुरी झालेली नाही.

पण टोल्किनलाही सुचलं नसतं असं एक साल आपल्या मुलखात पाचेकशे वर्षं चाललं. कल्पना करा: वर्ष सुरू होतं सूर्य मृग नक्षत्रात शिरला की. वर्षाचा आकडा घेतलाय हिजरी सनाकडून. तो आकड्यात न लिहिता अरबी शब्दांत लिहायचा. वर्ष सूर्याचं, पण त्यातली तारीख मात्र चंद्राची आणि महिना मुसलमानी. आणि हे सगळं मोडीत खरडणारे पुण्याचे कारकून, ज्यांच्या घरात एकादशीला वरईचे तांदूळ. त्याचं नाव शुहूर सन. कागदोपत्री ‘सुहूर’, ‘सुरसन’, आणि लोकांच्या तोंडी सरळ मृगसाल. आपला शहापूर तालुक्यातला किन्हवलीचा भाग कल्याण प्रांतातला. त्या प्रांताचे सरकारी हिशेब याच सनाने मांडले जात.

याचा उगम शोधायला गेलं की तुघलकापाशी जाऊन पोचतो. हिजरी वर्ष ३५४ दिवसांचं, ऋतूंच्या वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी तोकडं. नमाज-रोजांना त्याची अडचण नाही, पण सारा वसूल करायचा तर पंचाईत. तेहतीस पावसाळ्यांत हिजरी वर्षं चौतीस होतात, म्हणजे तेहतीस पिकांवर चौतीस वर्षांचा सारा. भात काही चंद्र बघून पिकत नाही. तेव्हा दख्खनेत एक तोड निघाली: १३४४ साली चालू असलेला हिजरी आकडा, ७४५, तेवढा घ्यायचा आणि तिथून पुढे वर्ष सूर्याच्या चालीने मोजायचं. सुरुवात कुठून? तर जिथून कुणबी आधीच मोजत होता तिथून, मृगापासून. तुघलक गेले, बहामनी आले, निजामशाही-आदिलशाही आली, भोसले आले, पेशवे आले. सनाला कुणी हात लावला नाही.

आता ही शब्दांची गंमत बघा. एक म्हणजे इहिदे, दोन इसन्ने, तीन सलास, चार अर्बा, पाच खमस, सहा सित, सात सबा, आठ समान, नऊ तिसा, दहा अशर. पुढे वीस अशरीन, तीस सलासीन, चाळीस अर्बैन, पन्नास खमसैन, साठ सितैन, सत्तर सबैन, ऐंशी समानीन, नव्वद तिसैन. शंभराला मया, दोनशेला मयातैन, हजाराला अलफ. लिहिताना एकं आधी, मग दहं, मग शतक, शेवटी हजार. ‘इहिदे सितैन मया व अलफ’ म्हणजे एक, साठ, शंभर आणि हजार: ११६१. यात ५९९ मिळवा, १७६० येतात. त्या वर्षीच्या जूनपासून पुढच्या मे अखेरपर्यंत हे साल. म्हणजे पानिपत याच इहिदे सितैनातलं.

पानिपताचा विषय निघालाच आहे तर एक बोलून घेतो. १४ जानेवारी १७६१ म्हणजे मराठ्यांवर ऐन संक्रांतीला संक्रांत कोसळली, असं भाषणांतून हटकून ऐकू येतं. वाक्य झकास आहे, फक्त त्या दिवशी संक्रांत नव्हती. आपली संक्रांत नक्षत्रांच्या हिशेबाने धरलेली असल्यामुळे इंग्रजी तारखेत ती साधारण सत्तर वर्षांत एक दिवस पुढे सरकते. पानिपताच्या साली ती तीन-चार दिवस आधीच होऊन गेली होती. त्या दिवशी होती पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२. गंमत म्हणजे मृगही तसाच सरकतो. आज तो ७ किंवा ८ जूनला लागतो, भाऊसाहेब पेशव्यांच्या वेळी ३-४ जूनला लागत असे, आणि सन सुरू झाला तेव्हा मे महिना संपायचा होता.

कागदावरची तारीखही एका नजरेत उलगडत नाही. ‘छ’ असं अक्षर, पुढे आकडा, पुढे रबिलावल, जमादिलाखर, सफर, जिल्काद असा महिना. छ म्हणजे चंद्र. हिजरी महिन्याचा कितवा चंद्र ते सांगायचं. म्हणजे वर्ष कुणब्याचं, दिवस मौलवीचा, आणि बरेचदा शेजारीच शालिवाहन शकाची तिथी, भटजींच्या समाधानाला. या तिन्हींचा मेळ घालून इंग्रजी तारीख काढायची म्हणजे जंत्री हवी. बाळाजी प्रभाकर मोडकांची जंत्री आणि ग. स. खऱ्यांची जंत्री ही या कामातली दोन अवजारं. मोठ्या आकाराची, आकड्यांनी गच्च भरलेली पानं. इतिहास संशोधकाच्या टेबलावर ज्ञानेश्वरीपेक्षा जास्त मळलेली. पुण्याला भारत इतिहास संशोधक मंडळात एका गृहस्थांना खऱ्यांची जंत्री चाळताना पाहिलं होतं. बोट न थांबवता स्तंभांवरून उतरत गेलं, आणि कागदाकडे न बघताच त्यांनी वार सांगितला. मला त्या दिवशी हेवा वाटला तेवढा कुठल्या गवयाचाही वाटलेला नाही.

हे सगळं पुण्याच्या कागदांतलं. पण सन ज्याच्या जिवावर उभा होता तो मृग बघायचा तर आमच्याकडेच यावं लागेल. शहापूर-मुरबाडचा पट्टा भाताचा. उन्हाळ्यातच राब भाजून ठेवलेला असतो: शेण, पालापाचोळा, गवत यांचे थर, वर माती, आणि धग हळू चालावी म्हणून वाऱ्याचा अंदाज घेऊन लावलेली आग. त्या भाजलेल्या जमिनीत पेर पडते ती रोहिणीच्या अखेरीला किंवा मृगात. रोप हाताला आलं की चिखलणी आणि आवणी, ती आर्द्रा-पुनर्वसूत. पुनर्वसूचा पाऊस तरणा, पुष्याचा म्हातारा, हस्ताचा हत्ती. भात निसवताना हत्ती झोडपून गेला की काय होतं ते सांगायला नको. पहिला पाऊस जमिनीत मुरला की बांधावर लाल मखमलीचा बारीक किडा निघतो, मृगाचा किडा. पाठीवर बोट फिरवलं की तो आठही पाय पोटाशी घेतो. आमच्या शेजारचे काका पंचांग मानत नाहीत, किड्याला मानतात. ‘मास्तर, मिरुग कागदावर लागला म्हणून काय झालं? तो भुईत लागायला हवा,’ हे त्यांचं दरवर्षीचं वाक्य.

पंचांगात नक्षत्राबरोबर पावसाचं वाहन दिलेलं असतं. घोडा, कोल्हा, बेडूक, मेंढा, मोर, उंदीर, म्हैस, गाढव, हत्ती. बेडूक, म्हैस, हत्ती आले की पाऊस दणकून, कोल्हा-मेंढा आले की ओढ. कोणत्याही कादंबरीकाराने हेवा करावा अशी ही यादी. हे वाहन ठरतं कसं, याचा मी बराच पिच्छा पुरवला. रीत सोपी आहे: सूर्य नव्या नक्षत्रात जाईल त्या क्षणी चंद्र कुठल्या नक्षत्रात आहे ते बघायचं, सूर्याच्या नक्षत्रापासून तिथपर्यंत मोजायचं, नवाने भागायचं. बाकी एक उरली तर घोडा, दोन कोल्हा, याप्रमाणे. शून्य उरलं तर हत्ती.

आता जरा थांबून विचार करा. सूर्यापासून चंद्र किती अंतरावर, म्हणजेच तर तिथी! सूर्य नक्षत्राच्या अगदी उंबऱ्यावर असतो, त्यामुळे वाहन हे तिथीचंच दुसरं रूप ठरतं. अमावास्येला नक्षत्र बदललं की हत्ती यायचाच, आणि तेच प्रतिपदेला बदललं की घोडा. पौर्णिमेला मेंढा किंवा मोर. म्हणजे एका दिवसाच्या फरकाने मुसळधारेचं वाहन बदलून जातं. पावसाला याचं सोयरसुतक असायचं कारण नाही, पण रचना म्हणून मला ती फार आवडते. हवामान खात्याच्या टक्केवारीपेक्षा ‘यंदा गाढव आहे’ हे गावाच्या जास्त लक्षात राहतं.

या भागाचा कालगणनेशी आणखी एक धागा आहे आणि तो आसनगाव स्टेशनातून दिसतो. माहुलीचा किल्ला. १६३६ साली बुडत्या निजामशाहीचा शेवटचा बालराजा जवळ ठेवून शहाजीराजे इथेच वेढ्यात अडकले, आणि इथेच त्यांना मोगल-आदिलशाही फौजांपुढे तह करावा लागला. निजामशाही संपली. त्याच सुमाराला शहाजहानने दख्खनेत आपला फसली सन लागू केला. फसल म्हणजे पीक. कल्पना शुहूरचीच, पिकाप्रमाणे वर्ष. फक्त हिजरी आकडा १६३६ चा धरल्यामुळे दोन सनांत नऊ वर्षांचा फरक पडला. शुहूरमध्ये ५९९ मिळवायचे तर फसलीत ५९०. माहुलीचे सुळके चढताना बरोबरच्या पोरांना मी हे सांगत होतो; त्यांनी अर्थातच पाण्याची बाटली मागितली. फसली सन गेला, पण महसूल खात्याचं वर्ष अजूनही १ जानेवारीला किंवा १ एप्रिलला सुरू होत नाही. ते सुरू होतं १ ऑगस्टला, म्हणून त्या दिवशी महसूल दिन. तलाठ्याला आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं असतं, पण त्याचं साल पिकाचंच राहिलं.

शिवाजी महाराजांनी ही गुंतागुंत एका फटक्यात तोडून पाहिली. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, आनंदनाम संवत्सर: राज्याभिषेक झाला आणि राज्याभिषेक शक सुरू झाला. त्याला स्वतःचे वेगळे महिने नाहीत. महिने-तिथ्या नेहमीच्या, आकडा मात्र ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला बदलतो. २०२५ च्या ज्येष्ठात ३५२ वं वर्ष लागलं. पाठोपाठ फारसी शब्द हटवायला रघुनाथपंत हणमंत्यांकडून राज्यव्यवहारकोशही करवून घेतला. या समारंभाची इंग्रजी तारीख आपण ६ जून म्हणतो. ती रायगडावर हजर असलेल्या हेन्री ऑक्झिंडनच्या देशाची तारीख. इंग्लंडने नवं कॅलेंडर १७५२ पर्यंत घेतलं नव्हतं, पोर्तुगालने १५८२ लाच घेतलं होतं. म्हणजे मुंबई बेटावर ६ जून होता तेव्हा खाडीपलीकडे वसईच्या पोर्तुगीजांच्या भिंतीवर १६ जून. पूर्वेला कल्याण, तिथे ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी. तिघांच्या डोक्यावर चंद्र तोच! आणि इतकं करूनही दप्तरातून शुहूर हलला नाही. छत्रपतींच्या नावाच्या कागदावर राज्याभिषेक शक, हिशेबाच्या कागदावर इसन्ने-सलास, असा दोघांचा संसार पेशवाई बुडेपर्यंत चालला.

आता शालिवाहन शक, विक्रम संवत, अधिक मास, आणि केरो लक्ष्मण छत्र्यांपासून टिळकांपर्यंत रंगलेला शुद्ध पंचांगाचा वाद यावर लिहायला हवं, कारण संपादक विचारतील. शंकर बाळकृष्ण दीक्षितांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा ग्रंथ १८९६ साली छापला गेला, त्यात सगळं आहे. त्यानंतर १९७३ मध्ये जयंतराव साळगावकरांचं ‘कालनिर्णय’ आलं आणि घरोघरचा वाद भिंतीवरच्या खिळ्याला टांगून संपला.

शालिवाहनाबद्दल मात्र एवढं सांगितल्याशिवाय राहवत नाही. पाडव्याची गोष्ट सगळ्यांना माहीत आहे: कुंभाराघरच्या पोराने मातीचे सैनिक केले, पाणी शिंपडून जिवंत केले, शत्रूला हरवलं आणि शक सुरू झाला. ज्यांच्या नावावर ही गोष्ट आहे त्या सातवाहनांचा सर्वांत बोलका लेख आमच्या मुरबाड तालुक्याच्या वेशीवर आहे, नाणेघाटात. वैशाखऱ्याकडून चढून गेलं की खिंडीच्या तोंडाशी गुहा, आणि भिंतींवर नागनिका राणीचा लेख: कुठले यज्ञ केले, किती गाई, किती नाणी दक्षिणेला दिली. त्यातली आकड्यांची चिन्हं देशातल्या जुन्यात जुन्या चिन्हांपैकी. पण शक? सातवाहनांनी तो वापरलेलाच नाही. त्यांची गणना नाशिकच्या लेण्यांत स्पष्ट दिसते. तिथे राजाचं राज्यवर्ष, मग ऋतू, मग ऋतूतला पंधरवडा, मग दिवस. उन्हाळा, पावसाळा, हिवाळा; प्रत्येकात आठ पंधरवडे. पुळुमावीच्या एकोणिसाव्या वर्षी, उन्हाळ्याच्या दुसऱ्या पंधरवड्यात, तेराव्या दिवशी, अशी ती तारीख. शकाला शालिवाहनाचं नाव चिकटलं तेराव्या शतकाच्या आसपास, सुरुवातीपासून हजारेक वर्षांनी. मला विचाराल तर ऋतू-पंधरवड्यांची ही पद्धत सगळ्यांत देखणी होती आणि आपण ती उगाच टाकली.

आणि आता सगळ्यांत शहाणं, सगळ्यांत काटेकोर आणि सगळ्यांत एकाकी पंचांग. १९५२ साली मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली सरकारने पंचांग सुधारणा समिती नेमली. नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी आणि ‘केसरी’चे ज. स. करंदीकर असे आपले दोघे तिच्यात होते. समितीपुढे देशभरातली तीसेक पंचांगं आली. अहवाल निघाला १९५५ मध्ये, टोल्किनचं परिशिष्ट निघालं त्याच वर्षी. हा योगायोग मला वर्षानुवर्षं गुदगुल्या करतो. एकाने नसलेल्या जगासाठी कालगणना केली, दुसऱ्याने असलेल्या देशासाठी, आणि पहिलीला वाचक जास्त मिळाले.

समितीचं काम मात्र सुरेख आहे. वर्ष २२ मार्चला सुरू, लीप वर्षात २१ ला. म्हणजे दिवस-रात्र समान होतात त्याच्या दुसऱ्या दिवशी. चैत्र तीस दिवसांचा, लीप वर्षी एकतीस. वैशाख ते भाद्रपद एकतीसचे, आश्विन ते फाल्गुन तीसचे. उन्हाळ्याकडचे महिने लांब का? जुलैच्या सुरुवातीला पृथ्वी सूर्यापासून सर्वांत दूर असते आणि मंद चालते, म्हणून. आकाशातली चाल महिन्यांच्या लांबीत उतरवलीय. २२ मार्च १९५७ ला, १ चैत्र १८७९ म्हणून, हे राष्ट्रीय पंचांग लागू झालं. साहा त्याआधी वर्षभर, फेब्रुवारी १९५६ मध्ये गेले होते. राजपत्रावर ही तारीख आजही छापली जाते. नियमाप्रमाणे चेकवरही चालते. मी एकदा तशी घालून चेक भरला, तर काउंटरवरच्या मुलीने तो उलटसुलट करून विचारलं, ‘काका, हे एकोणीसशे सालचं कुठून आणलंत?’ चेक परत आला.

ते का रुजलं नाही, याची कारणं पंडित लोक बरीच देतात. श्रावण दोन झाले, एक चंद्राचा आणि एक सरकारचा, हे एक खरंच आहे. सरकारी श्रावण दरवर्षी २३ जुलैलाच लागतो, अधिक मास आला तरी. पण माझं म्हणणं याहून साधं आहे. १ चैत्रला कुणाचंच काही अडत नाही. त्या दिवशी खंड भरायचा नसतो, पेर करायची नसते, उपास धरायचा नसतो, शाळा उघडत नाही. फ्रेंच क्रांतिकारकांनी १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला, महिन्यांना धुकं, बर्फ, पाऊस अशी गोड नावं दिली. पण कामकऱ्याची सुट्टी सातव्या दिवसावरून दहाव्यावर गेली. बारा वर्षांत नेपोलियनने ते गुंडाळलं. आणि शुहूर? अरबी शब्द, हिजरी आकडा, सगळंच अडाण्याला न कळणारं. पण पहिला दिवस कुणब्याच्या कामाचा होता, एवढ्या बळावर तो तरला.

आठवीच्या वर्गावर एकदा बदली तासाला गेलो होतो, तेव्हा मुलांना कल्पनेतल्या ग्रहाचं पंचांग करायला सांगितलं. एका मुलीने दोन चंद्र घेतले आणि लगेच अडचणीत सापडली, कारण दोन्ही अमावास्या एकदम कधी येतात ते तिला काढता येईना. आम्ही लसावि काढून ते सोडवलं. पण पाड्यावरून येणाऱ्या एका मुलाने माझं मन जिंकलं. त्याच्या ग्रहावर वर्ष सुरू होतं ते ओढ्याला पाणी येऊन एसटी बंद होते त्या दिवशी, आणि संपतं ते बाप वीटभट्टीवरून परत येतो तेव्हा. मधले काही दिवस उरतात, ते कुठल्याच वर्षात नाहीत. टोल्किन त्याने वाचलेला नव्हता.

जाता जाता एक कामाची गोष्ट. घरच्या ट्रंकेत आजोबा-पणजोबांचे मोडी कागद असतील आणि डोक्यावर सित, सबा, समान असे शब्द दिसले तर फेकू नका. एकं-दहं-शतक असं मांडून आकडा करा. मृगापासून डिसेंबरअखेरपर्यंतचा कागद असेल तर ५९९ मिळवा, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंतचा असेल तर ६००. कुठला ते ‘छ’च्या पुढच्या हिजरी महिन्यावरून कळतं, आणि तो महिना त्या साली केव्हा आला होता हे जंत्रीत मिळतं. नुसत्या अंदाजाने लावलात तर तारीख सहज वर्षभराने चुकते. वाटपाच्या कागदावर ती एका वर्षाने चुकली की भाऊबंदकी कशी पेटते, ते आमच्या तालुक्याला वेगळं सांगायला नको.